बेगमपुऱ्यात झाडू कोण मारणार?

(युवकांच्या शिबिरात केलेलं भाषण. बोललो तसंच ठेवलंय, फक्त पुनरुक्ती काढलीय.)



काल रात्री तुम्हाला चित्रं काढायला लावली होती. विषय असा : बेगमपुरा नावाचं एक नगर आहे. तिथल्या भर चौकात स्मारक उभारायचंय. कुणा राजाचं नाही, लढाईचं नाही, इच्छास्वातंत्र्याचं. म्हणजे माणूस आपल्या मर्जीनं ठरवू शकतो, हो म्हणू शकतो, नाही म्हणू शकतो, याचं स्मारक. ते कसं दिसेल ते काढा.

सतरा चित्रं भिंतीवर लागलीत. सकाळी चहाचा ग्लास हातात धरून मी ती एकेक करून बघितली. सहा जणांनी तुटलेली बेडी काढलीय. चौघांनी उचललेली मूठ. तिघांनी आभाळात उडणारा पक्षी. तिघांनी बाबासाहेबांचा पुतळा, बोट पुढं केलेला. आणि एका पठ्ठ्यानं कागद कोराच ठेवलाय. खाली बारीक अक्षरात लिहिलंय, 'ज्याची त्याची मर्जी.' त्यानं आळस केला की विचार केला, मला ठाऊक नाही. पण त्याच्याकडं मी शेवटी येणार आहे. त्यानं तयारीत राहावं.

मी तत्त्वज्ञानाचा प्राध्यापक नाही. रात्रशाळेत शिकवतो. दिवसभर हमाली करून, डबे पोचवून, वॉचमनगिरी करून आलेली पोरं माझ्यासमोर बाकावर पेंगत असतात. तेव्हा इच्छास्वातंत्र्य हा शब्द मी जरा जपूनच वापरतो.

आधी हे नगर कुणाचं ते बघू. बेगमपुरा संत रविदासाचा. आपल्याकडं त्याला रोहिदास म्हणतात. बनारसचा चांभार. आपल्या जातीची माणसं बनारसच्या आसपास मेलेली ढोरं ओढतात हे तो स्वतःच आपल्या पदांत सांगतो, लपवत नाही. बेगम म्हणजे राणी नव्हे बरं का. बे-गम. जिथं गम नाही, दुःख नाही, असं गाव. त्याचं हे पद शिखांनी जपलं. १६०४ साली आदिग्रंथ सिद्ध झाला, त्यात रविदासाची पदं आहेत, आणि त्यातच हे गाव आहे. गेल ऑम्व्हेट यांनी २००८ साली जातिविरोधी विचारवंतांवर पुस्तक लिहिलं, तेव्हा त्याच्या नावातच त्यांनी बेगमपुऱ्याचा शोध घातला. म्हणजे हे गाव नकाशावर कधीच नव्हतं, पण पाचेकशे वर्षं लोक त्याचा पत्ता विचारतायत.

काय आहे त्या गावात? मालावर कर नाही. भीती नाही. दुसऱ्या-तिसऱ्या दर्जाचा माणूस नाही, सगळे एकाच पायरीवर. आणि माझ्या डोक्यात कायमची अडकून बसलेली गोष्ट म्हणजे तिथं माणसं मनाला येईल तिकडं फिरतात, वाड्याच्या दारात त्यांना कुणी अडवत नाही. बघा, कातडं कमावणाऱ्या माणसानं स्वर्ग कल्पिला तो कसा? सोन्याच्या विटा नाहीत, अप्सरा नाहीत. कुणी अडवत नाही, एवढंच. ज्याला आयुष्यभर प्रत्येक दारात अडवलंय, त्यालाच हा स्वर्ग सुचतो. सदाशिव पेठेतल्या माणसाला अडवणूक नसणं हे स्वप्नात कशाला दिसेल? त्याला ते उठल्यापासून मिळतंच.

आता तुमची चित्रं. रागावू नका.

बेडी तुटलेली दाखवली की काल काय होतं ते कळतं. तुटल्यावर तो माणूस गेला कुठं, ते कळत नाही. मूठ मोर्च्यात कामाची आहे, मीही उचललीय. पण मूठ म्हणजे राग. राग ही मर्जीची सुरुवात झाली, मर्जी नव्हे. पक्ष्याचं म्हणाल तर शिवडीच्या खाडीत दरवर्षी रोहित पक्षी येतात, लोक दुर्बिणी घेऊन बघायला जातात. ते पक्षी काय मिटिंग घेऊन, ठराव करून येतात? ऋतू बदलला, पोटाची सोय बघितली, आले. ते उडतात म्हणून आपल्याला स्वतंत्र वाटतात. आणि बाबासाहेबांचा पुतळा. त्यावर मी काय बोलणार? माझ्याही घरात फोटो आहे. पण ते बोट जिकडं दाखवतंय तिकडं चालायचं कुणी, हा प्रश्न पुतळा सोडवत नाही.

म्हणून मी उलट्या बाजूनं सुरुवात करतो. इच्छास्वातंत्र्याचं स्मारक आपण कल्पनेत उभारतोय. पण त्याच्या विरुद्ध मताला खरोखरचा दगड मिळालेला आहे.

अडीच हजार वर्षांपूर्वी, बुद्धाच्याच काळात, मक्खली गोशाल नावाचा एक आचार्य होता. गोशाल म्हणजे गोठ्यात जन्मलेला, असं त्याचे विरोधक सांगायचे. त्याच्या पंथाला आजीविक म्हणतात. त्यांचे स्वतःचे ग्रंथ उरले नाहीत, आपल्याला जे कळतं ते बौद्धांच्या आणि जैनांच्या लिखाणातून, म्हणजे विरोधी वकिलाच्या तोंडून. तेवढं ध्यानात ठेवून ऐका. गोशालाचं म्हणणं असं की माणसाच्या हातात काही नाही. बळ नाही, वीर्य नाही, पराक्रम नाही. सगळं नियतीनं ठरलेलं. दोऱ्याचा गुंडा फेकला तर तो दोरा संपेपर्यंत उलगडत जातो. तसंच शहाणा असो की मूर्ख, ठरलेले फेरे सगळे फिरणार, आणि मग आपोआप सुटणार. मधे कुणी काही करू शकत नाही.

बुद्धाला हे मत सगळ्या मतांत वाईट वाटलं. केसांच्या घोंगडीसारखं आहे, म्हणाला. थंडीत गार, उन्हात गरम, अंगाला बोचरं, वासही घाण. का एवढा राग? कारण सगळं आधीच ठरलंय म्हटलं की 'हे करावं, हे करू नये' असं म्हणण्यातच काही अर्थ उरत नाही. खुनी म्हणेल माझ्या नशिबात खून होता. आणि ज्याचा खून झाला त्याच्या बायकोला सांगतील, तुझ्या नशिबात हेच होतं.

आता बिहारात जा. जहानाबाद जिल्ह्यात बराबर नावाच्या टेकड्या आहेत. तिथं कातळ कोरून काढलेल्या गुहा आहेत, आतल्या भिंती आरशासारख्या घासलेल्या. अशोकानं आपल्या कारकिर्दीच्या बाराव्या वर्षी त्यातल्या दोन आजीविकांना दान दिल्या, तसं तिथं कोरलेलं आहे. अशोक स्वतः बुद्धाचा उपासक. तरी त्यानं विरुद्ध मताच्या साधूंना पावसापाण्याचा निवारा दिला, हे त्याचं मोठेपण. पण गंमत बघा. ज्यांनी सांगितलं माणसाच्या हातात काहीच नाही, त्यांच्यासाठी माणसाच्या हातांनी कातळ आरशासारखा घासला. ते हात कुणाचे, त्यांची मर्जी काय होती, याचा शिलालेख नाही.

नियतीला गुहा मिळाली. मर्जीला अजून चौक मिळालेला नाही.

तुम्ही म्हणाल, गोशाल मेला, पंथ मेला, तुम्ही कुठली मढी उकरताय? पंथ मेला. दोऱ्याचा गुंडा मेला नाही. तो आपल्या चाळीत येऊन राहिला. पोर जन्मलं की पाचवीला सटवाई येते आणि कपाळावर लिहून जाते. आपल्या आया सांगायच्या ना? दारिद्र्य पाचवीला पुजलेलं. माझी आई तर सटवाईला शिव्या द्यायची, रांडेला माझ्याच पोरांच्या वेळी शाई कशी संपली म्हणायची. शिव्या द्यायची, पण मानायची.

आणि वरच्यांनी तर याच्यापुढची चलाखी केली. गोशाल निदान म्हणायचा की तुझ्या दुःखाला कारणच नाही, दोष कुणाचाच नाही. धर्मशास्त्रवाला म्हणतो, कारण आहे. कारण तूच. मागच्या जन्मी पाप केलंस म्हणून या जन्मी गावकुसाबाहेर आलास. म्हणजे काय झालं? या जन्मी मर्जी तुझी नाही, पण गुन्हा मात्र तुझा! असा कायदा जगातल्या कुठल्या कोर्टात चालेल? इथं चालला. हजारो वर्षं चालला. बाबासाहेबांनी बुद्ध आणि त्याच्या धम्मावरच्या आपल्या ग्रंथात, तो १९५७ साली त्यांच्या पश्चात आला, ही मागच्या जन्माची भानगड मुळातून काढून टाकली. कर्म म्हणजे आत्ताचं, इथलं, माणसामाणसातलं. नाहीतर माणूस हतबल होतो, आणि गरिबीची जबाबदारी समाज झटकून टाकतो.

त्याआधी १९३६ साली लाहोरच्या जातपात तोडक मंडळासाठी त्यांनी भाषण लिहिलं. मंडळाला ते पचलं नाही, परिषदच रद्द झाली. बाबासाहेबांनी ते स्वतःच्या खर्चानं छापलं. त्यात जातीविरुद्धचा एक मुद्दा नेमका आपल्या विषयाचा आहे. ते म्हणतात, जात म्हणजे कामाची वाटणी नव्हे, कामगारांचीच वाटणी आहे. आणि ती आवडीवर, कुवतीवर झालेली नाही, आधीच ठरलेल्या दैवावर झालेली आहे. म्हणजे दोऱ्याचा गुंडा कुठं ठेवलाय ते त्यांनी बोट ठेवून दाखवलं. आभाळात नाही, कपाळावर नाही. कामाच्या ठिकाणी.

आता महाड. तुम्हाला पाठ आहे, तरी एक बारकावा सांगतो. १९२३ साली मुंबईच्या कायदेमंडळात बोले ठराव झाला, सरकारी पैशावर चालणारे पाणवठे, शाळा, दवाखाने अस्पृश्यांना खुले. १९२४ साली महाडच्या नगरपालिकेनं चवदार तळं खुलं केल्याचा ठराव केला. म्हणजे परवानगी होती! कागदावर, सहीशिक्क्यानिशी. तरी तीन वर्षं आपल्यातला कुणी त्या पाण्यापर्यंत गेला नाही. का? मर्जी नव्हती? तहान नव्हती? तहान होती, परवानगी होती, आणि तळ्याच्या वाटेवर लाठी होती. २० मार्च १९२७ ला हजारो माणसं रांगेनं चालत गेली, बाबासाहेबांनी पाणी ओंजळीत घेतलं, मग सगळ्यांनी घेतलं. त्या दिवशी परवानगीची मर्जी झाली. लगेच मारहाणही झाली, आणि सनातन्यांनी एकशे आठ घागरी शेण-गोमूत्र-दही-दुधाच्या ओतून तळं शुद्ध केलं. मग कोर्टकज्जे. हायकोर्टाचा निकाल आपल्या बाजूनं लागायला १९३७ उजाडलं. एका ओंजळीला दहा वर्षं.

म्हणून मी म्हणतो, इच्छास्वातंत्र्य ही डोक्याच्या कवटीत ठेवलेली वस्तू नाही. मोकळा रस्ता आणि त्यावरून चालणारं माणूस, दोन्ही मिळून ते होतं. रस्ता नसेल तर नुसती मर्जी कुढत बसते. माणूस चाललंच नाही तर मोकळा रस्ता ठरावाच्या वहीत पडून राहतो.

येवल्याला १३ ऑक्टोबर १९३५ ला बाबासाहेबांनी सांगितलं की हिंदू म्हणून जन्मणं हातात नव्हतं, हिंदू म्हणून न मरणं हातात आहे. जन्म सटवाईच्या ताब्यात दिला, मरण काढून घेतलं! आणि मग एकवीस वर्षं विचार केला. धर्म तपासले, माणसं तपासली, आणि १४ ऑक्टोबर १९५६ ला नागपुरात दीक्षा घेतली. मर्जी म्हणजे लहर नव्हे, हे त्या एकवीस वर्षांवरून शिकावं.

आता मी तुमच्या अंगणात येतो. माझ्याही.

महारवतन काय होतं, तुमच्या आज्याला विचारा. असेल तर. गावची वेस राखायची, सरकारी सारा पोचवायचा, सांगावा न्यायचा, मेलेलं ढोर ओढायचं. दिवसरात्र. बदल्यात इनामाचा एक तुकडा आणि बलुतं. बापानंतर पोरगा, पोरानंतर नातू. शाहू महाराजांनी १९१८ साली कोल्हापुरात हे वतन मोडलं. बाबासाहेबांनी १९२८ साली मुंबई कायदेमंडळात वतन सुधारायचं बिल मांडलं, ते तडीला गेलं नाही. मुंबई राज्यात कनिष्ठ गावकामगारांची वतनं रद्द करणारा कायदा व्हायला १९५८ साल लागलं. आणि आपल्याच कितीतरी लोकांना वतन सोडायची भीती वाटत होती. का वाटू नये? तुकडा का होईना, जमीन होती. वतन हा गळफास होता, पण त्याच दोरीला भाकरीचं गाठोडं बांधलेलं होतं. नुसतं 'दोरी तोडा' म्हणणाऱ्याला भूक माहीत नसते.

वतन गेलं. मग आपण शहरात आलो.

माझे आबा एका महापालिकेत झाडूवाले होते. पालिकेची खोली होती, दहा बाय बारा. मी अकरावीत असताना ते वारले. खोली नोकरीला बांधलेली. नोकरी गेली की खोली गेली. सफाई कामगाराच्या वारसाला नोकरी मिळते, लाड-पागे समितीच्या शिफारशी म्हणतात त्या. त्या मिळवायलाही लोक झगडलेत, मी त्यांना नावं ठेवणार नाही. त्यांनी हजारो घरं तगवली. आमचंही. माझा थोरला भाऊ, दादा, त्याला आयटीआयला वायरमनच्या कोर्सला प्रवेश मिळाला होता. ते पत्र त्यानं घडी करून आबांच्या फोटोमागं ठेवलं आणि सकाळी साडेसहाला हजेरी चौकीवर जाऊन उभा राहिला. मुकादमानं नाव लिहिलं. वयाच्या एकोणिसाव्या वर्षी.

त्याच्या झाडूवर खोली राहिली, खोलीत मी अभ्यास केला. आज मी तुमच्यासमोर इच्छास्वातंत्र्यावर बोलतोय ना, ही जी माझी मर्जी आहे, ती त्याच्या मर्जीच्या पाठीवर उभी आहे. त्यानं कधी तोंडातून काढलं नाही. फक्त चाळीत कुणाचा फ्यूज गेला की तोच जाऊन बसवतो. अजून.

आता दादा रिटायर व्हायला आलाय. त्याचा पोरगा बी.कॉम. झालाय. घरात वारसाचा फॉर्म आलाय. पोरगा माझ्याकडं आला. म्हणाला, "काका, तुम्ही भाषणं करता. मला सांगा, मी सही करू की नको? नाही म्हटलं तर खोली जाते, आई-बाबा कुठं जातील? हो म्हटलं तर आजोबा, बाबा आणि मी, एकच झाडू. माझी मर्जी कुठं आहे यात?"

मी गप्प बसलो. च्यायला, चाळीस वर्षं चळवळीत घालवली आणि पुतण्याला द्यायला उत्तर नाही.

दादाला विचारलं. तो म्हणाला, "त्यानं नाही म्हणावं. मला आनंदच आहे. पण खोलीचं काय ते तू सांग." दादा कधी पुस्तक वाचत नाही. पण अख्खा प्रश्न त्यानं दोन वाक्यांत मांडला. 'नाही म्हण' ही मर्जी झाली. 'खोलीचं काय' हा रस्ता झाला.

म्हणून माझं म्हणणं ऐका. सही करणाऱ्या पोराला लाचार म्हणायचा अधिकार आपल्याला नाही. आपल्यातले काही नव-शिकलेले तसं म्हणतात, मी ऐकलंय. त्याला आधी दुसरा रस्ता दाखवा, मग त्याची परीक्षा घ्या. खोली झाडूपासून सोडवा, कामगाराच्या नावावर करा. शिकलेल्या वारसाला त्याच्या शिक्षणाचं काम द्या. गटारात यंत्र उतरवा, माणूस नको. तुम्ही म्हणाल, यातलं कितीतरी कागदावर आहेच. हातानं मैला काढायला लावणं २०१३ च्या कायद्यानं गुन्हा आहे. आहे ना! पण चवदार तळंही कागदावर खुलंच होतं. गटारात उतरून माणसं अजून मरतात, आणि त्यांची आडनावं वाचायची गरज पडत नाही.

आता माझं चित्र. मी पण एक काढलंय, मनात.

बेगमपुऱ्याबद्दल मला एकच शंका आहे, आणि ती मी रविदासालाच विचारली असती. त्याला राग आला नसता, तो स्वतः कामाचा माणूस. बाबा, तुझ्या नगरात दुःख नाही, कर नाही, दुसरा-तिसरा दर्जा नाही. पण लोक जेवणार, म्हणजे खरकटं होणार. लोक राहणार, म्हणजे संडास होणार. गाय मरणार. झाडाचं पान गळणार. मग बेगमपुऱ्यात झाडू कोण मारणार?

या एका प्रश्नावर सगळी स्वप्ननगरं कोसळतात. पुस्तकांतली स्वप्ननगरं वाचा, तिथं सगळे बागेत फिरतात, चर्चा करतात, वीणा वाजवतात. सकाळी बाग झाडून ठेवणारा माणूस पानावर येत नाही. आणि तिथं एक जरी माणूस झाडण्यासाठी जन्माला आलेला असेल, तर बाकीच्यांचं इच्छास्वातंत्र्य हे त्याच्या नशिबावर बांधलेलं आहे. मग तो बेगमपुरा नाही. आपलंच शहर आहे, फक्त रंग दिलेलं.

म्हणून माझ्या बेगमपुऱ्याच्या चौकात पुतळा नाही. तिथं एक हजेरी चौकी आहे. साधी, पत्र्याची. आत झाडू, फावडी, हातगाडी. भिंतीवर काळा फळा. फळ्यावर नगरातल्या सगळ्या माणसांची नावं, बाराखडीप्रमाणे, आडनावं नाहीत. या आठवड्यात कुणाची पाळी, पुढच्या आठवड्यात कुणाची. वाड्यातल्याचं नाव आहे. कवीचं आहे. डॉक्टरचं आहे. बाईचं आहे तसंच बाप्याचं आहे. रविदासाचंही नाव आहे, पण त्याच्या पाळीलाच, रोज नाही. पाहुणा गावात आला की त्याला हे दाखवायला नेतात आणि सांगतात, हे आमचं स्मारक.

आता तो कोऱ्या कागदवाला. तू मनात म्हणतोयस, "सर, पाळी म्हणजे सक्ती. ज्याची त्याची मर्जी कुठं राहिली?" बरोबर विचारतोस. ऐक. जन्मानं एकाच्याच अंगावर पडतं ते नशीब. सगळ्यांनी बसून ठरवलेलं, सगळ्यांवर सारखं पडतं आणि पुन्हा बसून बदलता येतं तो नियम. नशिबाला हात लावता येत नाही. नियमाला लावता येतो, म्हणून त्यात मर्जी आहे. तुझा कोरा कागद सुंदर आहे रे, पण तो कोरा ठेवायला ज्याला परवडतं त्याचाच तो आहे. माझ्या पुतण्याच्या कागदावर सटवाईनं, मनूनं आणि पालिकेनं आधीच तीन ओळी लिहून ठेवल्यात. 'ज्याची त्याची मर्जी' हे वाक्य असमान गावात बोललं की त्याचा अर्थ होतो, ज्याची चालते त्याची मर्जी.

आणि माझ्या फळ्यावर शेवटचा एक रकाना आहे. हजेरीबुकात असतो तसा, 'शेरा'. त्यात कुणीही 'नाही' लिहू शकतं. का नाही, तेही लिहायचं. आजारी असेल, लिहिता लिहिता कादंबरी अर्ध्यावर असेल, किंवा नियमच चुकीचा वाटत असेल. मग नगर बसेल, वाचेल, बोलेल. 'नाही' म्हटल्यानं त्याचं घर जाणार नाही. एवढा एक रकाना माझ्या दादाला एकोणिसाव्या वर्षी मिळाला असता तर आज कुठल्यातरी इमारतीत त्यानं ओढलेल्या वायरीतून दिवे लागले असते. मी कदाचित इथं नसतो. चाललं असतं.

संपवतो. पण उठायच्या आधी एक हिशेब.

काल रात्री बारापर्यंत आपण गाणी म्हटली, समतेवर चर्चा केली. जेवणानंतर भांडी कुणी घासली? मी बघत होतो. पाच पोरी गेल्या, दोन पोरं गेली, बाकीचे घोषणांचे कागद रंगवत बसले. आणि सकाळी संडास कुणी धुतले? तुम्हाला माहीत नाही. मला माहीत आहे, कारण मी पाचला उठतो. इथं जवळच राहणारी एक बाई येऊन धुऊन गेली. शिबिराच्या खर्चात तिचे पैसे धरलेत. मी तिला नाव विचारलं, गाव विचारलं. आपल्यातलीच निघाली. ती मला म्हणाली, "भाऊ, तुमचा कार्यक्रम कसला आहे?" काय सांगू तिला? इच्छास्वातंत्र्याचा?

तिचे ठरलेले पैसे तिला पूर्ण द्या. आणि उद्या सकाळी तिला इथं बसायला बोलवा, बोलायला बोलवा. आपल्यापेक्षा तिला विषय जास्त माहीत आहे.

मागं फळा आहे. खडू आहे. शिबिराचे अजून दोन दिवस आहेत. नावं लिहा, बाराखडीप्रमाणे, आडनावं नकोत. भांडी, झाडू, संडास. पहिली पाळी उद्या सकाळची, तिथं माझं नाव टाका. बाराखडीत माझा नंबर मागं येतो, पण मी मागून घेतोय. शेऱ्याचा रकानाही आखा.

सतरा चित्रं तशीच राहू द्या. अठरावं ते फळ्यावरचं.

पुतण्याचा फॉर्म अजून घरात कपाटावर आहे. महिनाअखेरपर्यंत द्यायचाय. तो सही करील की नाही, मी सांगणार नाही, कारण ते मी ठरवायचं नाही. पण परवा त्याच्यासोबत आणि चौकीवरच्या दहा-बारा पोरांसोबत खोल्यांच्या प्रश्नावर मिटिंग आहे. ज्याला यायचं त्यानं यावं. आपल्या मर्जीनं.

जय भीम.